संपदा टीव्हीवर, काळूराम माडावर

आमच्या सुनेला टीव्हीवर बोलावलं ते नाचायला नाही की डोळ्यांतून पाणी काढायला नाही. समजावून सांगायला बोलावलं. रोज काही ना काही नवीन यंत्र निघतं, ते काय आहे, कसं चालतं, त्याने माणसाचं भलं होतं की बिल वाढतं, हे तुमच्या-आमच्यासारख्यांना सांगायचं. कार्यक्रमाचं नाव 'सोपं करून सांगते'. दर गुरुवारी, दिवेलागण झाल्यावर, बातम्यांच्या आधी.

संपदाला निवडलं याचं आमच्या आगाशी गावात सगळ्यांना नवल वाटलं. मला नाही वाटलं. ती कॉलेजात शिकवते हे खरं, पण सोपं करून सांगायची सवय तिला लावली कोणी? मी. लग्न होऊन आली तेव्हा मी सहज विचारलं, "तुझं ते इलेक्ट्रॉनिक्स म्हणजे काय गं?" ती बोलत राहिली. माझे सगळे वाल सोलून झाले, तरी ती बोलतच होती. मी म्हटलं, "बाई, मी दुसरीत शाळा सोडली. पण मला कळलं नाही ते माझ्यामुळे नाही, तुझ्यामुळे. पुन्हा सांग, आणि वालाएवढं सांग." तेव्हापासून ती कोणालाही काही सांगायच्या आधी मला सांगते. मला कळलं की महाराष्ट्राला कळेल, असं ती म्हणते. यात माझा मान आहे की अपमान, याचा मी फार विचार करत नाही.

पहिल्या गुरुवारचा विषय होता खिशातला फोन. तेव्हा तो मुंबईत नुकताच आला होता आणि ज्यांचे खिसे मोठे त्यांच्याकडेच होता. ओटीवर बसून तिने मला सांगितलं, "आई, जागोजागी उंच मनोरे असतात. तुम्ही बोललात की जवळचा मनोरा तुमचा आवाज धरतो आणि पुढे देतो. तुम्ही गाडीतून पुढे गेलात की पुढचा मनोरा तुम्हाला धरतो."

"आणि मधल्या मधे?"

"मधल्या मधे काय?"

"या मनोऱ्याने सोडलं आणि त्या मनोऱ्याने धरलं नाही, तर मी कुठे गेले?"

ती पेन्सिल तोंडात धरून बघत बसली. मग म्हणाली, "आई, हे मी कार्यक्रमात घेते." मला काय, मी वाल सोलत राहिले. पण वाल कुठे पडत होते आणि सालं कुठे, याकडे माझं लक्ष नव्हतं.

त्याच दुपारी मी कपाटातून माझी इरकल काढली. गर्द जांभळी, बारीक चौकड्यांची, सुमेधच्या बारशाला घेतलेली. सुमेध माझा मुलगा. तो आता बँकेत साहेब आहे, म्हणजे साडीचं वय समजा. पण मी ती इतकी जपून नेसले की अजून तिला डांबरगोळीखेरीज कसला वास नाही. संपदाला म्हटलं, "ही नेसून जा. मी टीव्हीवर जायची नाही, पण माझी साडी तरी जाईल." ती नाही म्हणाली नाही. तिची हिंमत नव्हती.

आता सगळं इथेच थांबलं असतं तर मी सुखाने कार्यक्रम बघितला असता. पण संध्याकाळी दादरहून विहीणबाईंचा फोन आला. सरोजिनीबाई, म्हणजे संपदाची आई. बोलणं गोड, पण आत काडी असते.

"म्हटलं, गुरुवारी तुम्ही सगळी इकडेच या," त्या म्हणाल्या. "तुमच्याकडे झाडी फार. टीव्हीवर मुंग्याच दिसतात असं सुमेधराव म्हणत होते. आमच्याकडे केबल आहे, मोठा टीव्ही आहे. जावई, तुम्ही, सगळी सोबत बघू."

माझ्या सुनेला बघायला मी दुसऱ्याच्या दारात जाऊन बसू? आणि मुंग्या म्हणे. आमच्या घरातला टीव्ही त्यांनीच लग्नात दिलेला. आम्ही मागितला नव्हता, पण आलेला परत कसा पाठवायचा, म्हणून ठेवून घेतला. मी म्हटलं, "विहीणबाई, आमच्याकडे आरशासारखं दिसतं. तुम्हीच या आगाशीला. लेकीच्या सासरी कार्यक्रम बघायचा, इथेच जेवायचं, राहायचं." फोन ठेवला आणि टीव्ही लावून बघितला. बातम्या सांगणाऱ्या बाईला तीन नाकं होती.

सुमेध म्हणाला, "आई, केबल घेऊ या." मी विरारच्या केबलवाल्याला गाठलं. त्याची तार आगाशीच्या बाजारापर्यंत येऊन थांबलेली. पुढे का येत नाही विचारलं तर म्हणाला, "काकू, तिकडे गिऱ्हाईक जमलं की आणतो." मी म्हटलं, "तार आल्याशिवाय गिऱ्हाईक जमायचं कसं?" तो म्हणाला, "हाच तर प्रॉब्लेम आहे." इतक्या समाधानाने प्रॉब्लेम सांगणारा माणूस मी पहिल्यांदाच बघितला.

मग राहिला छपरावरचा अँटेना. तो आम्ही फिरवायला घेतला आणि बातमी वाडीभर झाली. आमच्याकडे कोणाला ताप आला तर दोन माणसं येतात, पण अँटेना फिरवायला घेतला की वीस येतात. एक म्हणाला, ॲल्युमिनियमची थाळी टांगा. दुसरा म्हणाला, थाळी नको, स्टीलचं झाकण टांगा. नंदाखालची पॉलिन माझी जुनी मैत्रीण. आमच्या दोघींच्या वाड्यांमध्ये एक ओहोळ तेवढा आहे. ती कमरेवर हात ठेवून म्हणाली, "कृष्णाबाय, आमच्याकडे फादरच्या बंगल्यावर अँटेना आहे, त्याचं तोंड चर्चकडे आहे. चित्र बघ कसं येतं."

"मी माझ्या अँटेनाचं तोंड चर्चकडे करू?"

"कर ना. त्याला कुठे धर्म आहे."

केलं. नाकं तिनाची पाच झाली.

शेवटी दिनानाथभाऊजी बोलले. हे माझे चुलत दीर, पोस्टातून निवृत्त झालेले, शेजारच्याच वाडीत राहतात. आयुष्यभर तारा केल्या म्हणून हवेतून येणाऱ्या सगळ्या गोष्टींवर आपला हक्क आहे असं त्यांना वाटतं. म्हणाले, "वहिनी, सगळा खेळ उंचीचा आहे. आपल्यात सगळ्यात उंच काय?"

आम्ही सगळ्यांनी माना वर केल्या. आमच्या दोघांच्या बांधावर सासऱ्यांनी लावलेला माड आहे. त्याच्याएवढं उंच आगाशीत देवळाचं शिखरही नसेल. आमच्याकडे माडाला काय बांधत नाहीत? कपड्यांची दोरी बांधतो, झोपाळा बांधतो, पूजेला कर्णा बांधतो, लग्नात दिव्यांच्या माळा बांधतो. मग अँटेना का नको? हा विचार इतका सरळ होता की त्यात काही चुकेल असं विसांपैकी एकालाही वाटलं नाही.

पण माड बांधावरचा. सासऱ्यांनी घालून दिलेला नियम असा, की नारळ ज्याच्या बाजूला पडेल त्याचा. भाऊजी म्हणाले, "वहिनी, मग चित्रही निम्मं माझं." मी म्हटलं, "तुमच्या बाजूला पडलं तर उचलून न्या." तेवढ्यावर त्यांचं समाधान झालं नाही. नोकरी केलेल्या माणसाला कागद लागतो. म्हणाले, ग्रामपंचायतीची ना-हरकत घ्या, उद्या भानगड नको.

ग्रामपंचायतीत क्लार्क बसला होता. त्याने चष्मा पुसला. म्हणाला, "घरावर अँटेना, ठीक आहे. झाडावर अँटेना असं आमच्याकडे काही येतच नाही. एकदा अँटेना लावला की ते झाड राहतं का बांधकाम होतं, हे वसईला विचारावं लागेल."

मी म्हटलं, "तुमच्या घरी तुळशीपुढे दिवा लावतात ना? मग तुमची तुळस बांधकाम झाली का?"

तो म्हणाला, "तो वेगळा विषय आहे."

मी म्हटलं, "मग हाही वेगळाच आहे. वसईला विचारा, उत्तर आलं की मला सांगा. तोवर मी झाडच समजते." उत्तर अजून यायचं आहे.

आमचे नारळ काळूराम पाडतो. पायात दोरीचा फास, कमरेला कोयता, आणि तोंड मात्र चढताना, उतरताना, कधीच बंद नाही. मंगळवारी सकाळी तो अँटेना पाठीला बांधून चढला, झावळ्यांच्या मधोमध पक्का केला, खाली तार सोडली. टीव्ही लावला. बातम्या सांगणाऱ्या बाईला एक नाक. तिच्या कानातल्या कुड्यांचे मोती मोजता येत होते. मी वाडीभर चहा पाजला, सगळ्यांना गुरुवारचं आमंत्रण दिलं, आणि काळूरामला ठरलेल्याच्या वर नारळ दिले. माझ्या हातून असं सहसा होत नाही.

गुरुवारी संपदा सकाळीच मुंबईला गेली. कार्यक्रम तिथून थेट दाखवणार होते, म्हणून रात्री ती दादरलाच झोपणार होती. दुपारी विहीणबाई आल्या. आल्या आल्या टीव्हीकडे बघून म्हणाल्या, "अजून तोच आहे वाटतं." मी म्हटलं, "टिकाऊ आहे. देणाऱ्यांसारखाच." त्यांना पहिल्या ओळीत खुर्ची दिली, शेजारी माझी ठेवली, आणि त्यावर माझी शाल टाकून ठेवली. पॉलिन केकचा डबा घेऊन आली. भाऊजी निम्म्या चित्राचे मालक म्हणून खुर्ची घरूनच घेऊन आले. ओटी भरली, अंगण भरलं.

आणि संध्याकाळ झाली तसा अर्नाळ्याच्या समुद्राकडून वारा सुटला.

हे आम्हाला कळायला हवं होतं. जन्म गेला इथे. सकाळी वारा नसतो, संध्याकाळी असतो, आणि संध्याकाळी माड डोलतो. माड डोलला की अँटेना डोलला, अँटेना डोलला की टीव्हीतली माणसं रुसून माहेरी जायची आणि परत यायची. विहीणबाईंनी नुसतं, "झाडी फार," एवढंच, तेही पदराला सांगितलं.

मी सुमेधला काळूरामकडे पळवलं. तो आला तेव्हा सूर्य पाण्याला टेकत होता.

"काकी, लवकर सांगा काय ते," तो म्हणाला. "दिवस बुडाला का मी झाडाला हात लावनार नाय."

तिन्हीसांजेनंतर झाड झोपतं, पान तोडायचं नाही, बुंध्याला हात लावायचा नाही, हे वाडीतल्या सगळ्या पोरांना धपाटे घालून मीच शिकवलेलं. त्या पोरांमध्ये एके काळी काळूरामही होता.

"तर आत्ताच चढ," मी म्हटलं.

तो सरसर चढला. अँटेनाला हात लावला तोच आतून ओरड आली, "आलं, आलं." त्याच्या वजनाने शेंडा थांबला होता की त्याच्या हाताने वारा, कोण जाणे. मी म्हटलं, "नीट बांध आणि उतर." त्याने हात काढला. आत, "गेलं." हात लावला. "आलं." भाऊजी म्हणाले, "वहिनी, हा माणूसच अँटेनाचा भाग आहे."

"काळूराम," मी वर बघून म्हटलं, "तू तिथेच बस."

"किती येळ?"

"माझी सून सांगून होईस्तोवर."

आतून कार्यक्रमाचं संगीत सुरू झालं. मी धावतच खुर्चीकडे निघाले, शालीला हात लावला, आणि वरून आवाज आला, "काकी, मी उतरतो. मला वर काय दिसतं? अर्नाळ्याचा किल्ला दिसतो. तुमची सून नाय दिसत."

सुमेध उठला. "मी बघतो, आई."

"तुमच्याशी नाय," काळूराम वरून म्हणाला. "काकी सोता सांगत असंल तर बसतो. नाय तर झाड झोपलंय, मी उतरलो का परत चढनार नाय."

शेजारी विहीणबाई बसल्या होत्या. त्यांचं तोंड टीव्हीकडे होतं, पण कान माझ्याकडे. तो उतरला तर त्या उद्या दादरला काय सांगतील ते मला आत्ताच ऐकू येत होतं. मी शाल उचलली, खांद्यावर घेतली आणि माडाखाली जाऊन उभी राहिले.

तर व्यवस्था अशी झाली. टीव्ही ओटीवर. पॉलिन खिडकीत, एक डोळा आत, एक बाहेर. मी बुंध्याशी. काळूराम शेंड्यावर. संपदा बोलायची ते पॉलिन मला सांगायची, मी काळूरामला.

"ती म्हणते, या फोनला दोर नाय."

"फोनला दोर नाही रे, काळूराम."

"मग मोकळ्या गुरासारखं कोनी पळवून नेईल त्याला."

"खिशात असतो तो."

"हां. मंग ठीक आहे."

"पॉलिन," मी हळूच विचारलं, "साडी कशी दिसते?"

पॉलिनने डोकं आत नेलं, पुन्हा बाहेर काढलं. मग पॉलिन म्हणाली, "छान दिसते."

आतून भाऊजी म्हणाले, "उत्तम."

आणि विहीणबाईंचा आवाज, एवढा मऊ की मी ओळखलाच नाही, "फारच छान दिसते हो." या तिघांचं आजवर चहात साखर किती यावरही एकमत झालेलं नव्हतं. माझी छाती एवढी भरून आली की पुढची दोन वाक्यं काळूरामला पोचलीच नाहीत.

"काकी, फोन बंद पडला का?"

"थांब रे. मनोऱ्यांचं सांगतेय. एक मनोरा आवाज धरतो, दुसऱ्याला देतो." हे सांगताना मी खिडकीकडे बघितलं, मग वर बघितलं, आणि माझ्या डोक्यात एकदम उजेड पडला. "अरे, म्हणजे तू मनोरा आहेस. मी दुसरा. पॉलिन तिसरा."

"मनोऱ्याला जेवन असतं का?"

"असतं. वालाचं बिरडं केलंय. गप्प बस."

तेवढ्यात आत एकच गलका झाला. पॉलिन खिडकीतून अर्धी बाहेर आली. "कृष्णाबाय, तुझं नाव घेतलं. म्हणते, माझ्या सासूबाईंनी विचारलं, का मधल्या मधे माणूस गेला कुठे. तुझा प्रश्न, कृष्णाबाय. अख्ख्या महाराष्ट्रात."

मी वर बघून जेवढा गळा आहे तेवढा काढून सांगितलं, "काळूराम, टीव्हीवर माझं नाव घेतलं."

"काय सांगता," तो म्हणाला, आणि आनंदाने दोन्ही हात वर केले.

आतलं चित्र गेलं. मग सगळे एकदम ओरडू लागले. धर, धर, धर. त्याने धरलं. चित्र आलं तेव्हा संपदा दुसरंच काही सांगत होती. प्रश्न माझा, आणि उत्तर मुंग्यांत गेलं. माझ्या ओटीवर भरलेल्या माणसांपैकी एकालाही ते मिळालं नाही.

"काकी," वरून काळूराम, "मंग मधल्या मधे मानूस पडतो का नाय?"

सगळे माझ्याकडे बघू लागले. विहीणबाईसुद्धा खिडकीशी आल्या. मला उत्तर कुठे माहीत होतं? प्रश्न विचारणाऱ्याला उत्तर येत असतं तर त्याने विचारलं कशाला असतं? पण माझ्या सुनेचा कार्यक्रम माझ्या दारात अर्धवट राहू देणं मला जमणार नव्हतं.

"तू चढतोस कसा रे?" मी म्हटलं. "वर हातांची पकड बसल्याशिवाय खालचे पाय सोडतोस का?"

"येडा आहे का मी."

"मग तो मनोरासुद्धा येडा नाही. पुढच्याने धरल्याशिवाय मागचा सोडत नाही. समजलं?"

मग काळूराम म्हणाला, "समजलं. एवडं सोपं होतं तर टीवीवर कशाला सांगतात?"

खिडकीत विहीणबाई टाळ्या वाजवत होत्या. मला वाटलं कार्यक्रम संपला म्हणून वाजवतात. तो खरंच संपलाही होता, पण त्यांची पाठ टीव्हीकडे होती.

शुक्रवारी सकाळी संपदा आली. आल्या आल्या पायाशी वाकली आणि म्हणाली, "आई, तुमच्या प्रश्नावर सगळ्यांत जास्त फोन आले. माझं उत्तर पटलं का तुम्हाला? मी म्हटलं, पुढच्या मनोऱ्याने जागा करून ठेवल्याशिवाय मागचा सोडत नाही."

मी काळूरामकडे बघितलं. तो नारळ मोजून घ्यायला आला होता. तो म्हणाला, "आमाला काकीनं आदीच सांगितलेलं."

मग तिने पिशवी उघडली आणि माझी इरकल काढून माझ्यापुढे ठेवली. मी घातलेली घडी, तशीच.

"रागावू नका हं," ती म्हणाली. "तिथे गेल्यावर कळलं, कॅमेऱ्याला बारीक चौकडे चालत नाहीत. साडीभर मुंग्या धावल्यासारखं दिसतं. ऐन वेळी त्यांनी तिथलीच एक साधी गुलाबी नेसवली. तुम्ही बघितलंच असेल."

मी सगळ्यांवरून नजर फिरवली. पॉलिन डबा घ्यायला आली होती, ती छपराची कौलं बघू लागली. भाऊजींनी पेपर उचलला, तो उलटा होता. आणि विहीणबाई रिकाम्या कपातली साखर ढवळत बसल्या.

"बघितली की," मी म्हटलं. "छान दिसत होती. विचार या सगळ्यांना."

कपातला चमचा थांबला. विहीणबाई म्हणाल्या, "संपदा, खरं सांगू का, आमच्या दादरपेक्षा इथेच जास्त स्पष्ट दिसतं."

मी त्या वेळी काही बोलले नाही. हे माझ्या बाबतीत एवढं क्वचित घडतं की सुमेधने बाहेर येऊन विचारलं, आईला बरं नाही का. पण संध्याकाळी अर्नाळ्याचा वारा सुटायच्या आत मी ती घडी मोडली. इरकल नेसले, नथ घातली, आणि बांधावरच्या त्या माडाखाली जाऊन उभी राहिले. विहीणबाईंना, भाऊजींना, पॉलिनला हाक मारून समोर उभं केलं. म्हटलं, "काल सांगितलंत ते पुन्हा सांगा. आता नीट बघून."

पॉलिन दोन पावलं मागे सरली, डोळे बारीक केले, मान डावीकडे करून बघितलं, उजवीकडे करून बघितलं.

"मुंग्या अजिबात नाय, कृष्णाबाय," ती म्हणाली. "हलू नको फक्त."